सुताच्या टाक्यातले चतुर

आमच्या नागपूरच्या घरामागे एक दगडी टाके होते. चार हात लांब, अडीच हात रुंद, कमरेइतके खोल. बाबा विणकर. विहिरीचे पाणी जड, त्यात भिजवलेले सूत राठ राहते, म्हणून कौलांवरून पडणारे पावसाचे पाणी या टाक्यात साठवायचे आणि चांगले सूत त्यातच भिजवायचे, अशी घरची रीत. ते पाणी भांडी धुवायलाही कोणी घेत नसे.

स्वातंत्र्यानंतर सात-आठ वर्षांनी घडलेली ही गोष्ट. मी तेव्हा तिशीचा, एका कचेरीत हिशेबनीस होतो. धाकट्या बहिणीचे लग्न दिवाळीनंतर ठरले होते. तिचे लुगडे आपल्याच मागावर विणायचे, असे बाबांनी मनाशी धरले होते. त्यांची नजर अधू झाली होती. हे शेवटचे लुगडे, हे घरात सगळ्यांना माहीत होते, बोलून कोणी दाखवत नव्हते.

नवरात्रात त्यांनी पहिल्या लड्या टाक्यातून काढल्या. धागा ओढला की तुटत होता. लडीच्या आत चार-पाच किडे चिकटलेले दिसले. मातकट, इंचभर लांब, सहा पायांचे, बटबटीत डोळ्यांचे.

"हेच सूत कातरून राहिले," बाबा म्हणाले. "पाणी सांडा अन् टाक्यात चुना मारा."

"मंग नवं सूत कशात भिजवता?" मायने विचारले.

"विहिरीच्या पाण्यात."

"म्हंजे पोरीले गोणपाट नेसवता का?"

बाबा चुन्याचे घमेले घेऊन तसेच उभे राहिले. पाऊस संपला होता. एकदा सांडलेले पाणी पुढच्या आषाढापर्यंत मिळणार नव्हते.

"थोडं थांबा, बाबा. कोण कातरते ते पाहू," मी म्हणालो.

"पाह्य गा, हिशेबनीस. किड्याचीबी तपासणी कर."

मी लोणच्याची काचेची बरणी धुऊन टाक्याच्या पाण्याने भरली. तीत एक किडा सोडला, नव्या सुताचा वीतभर तुकडा सोडला आणि त्याच टाक्यातल्या डासांच्या वीस अळ्या मोजून सोडल्या. मग खिडकीत ठेवून समोर बसलो.

किडा तळाशी दगडासारखा पडून होता. एक अळी वळवळत त्याच्या तोंडापुढून गेली. मी पाहिले, असे म्हणणेही पूर्ण खरे नाही. अळी होती आणि मग नव्हती. पुष्कळदा पाहिल्यावर उमगले की त्याचा खालचा ओठ कोपरात दुमडलेल्या हातासारखा हनुवटीखाली घडी घालून ठेवलेला असतो. भक्ष्य टप्प्यात आले की तो सुटतो, टोकाच्या आकड्यांनी धरतो आणि परत घडी होतो. काडीने डिवचले तर किडा पाय न हलवता पुढे सणकन गेला. मागून पाण्याची पिचकारी सोडून तो पळत होता. पुढे एका पुस्तकात वाचले की तो श्वासही त्याच मार्गाने आत घेतलेल्या पाण्यातून घेतो. इंचभर देहात एवढी व्यवस्था पाहून माझे जेवण निवून गेले.

दुसऱ्या संध्याकाळी तीन अळ्या उरल्या होत्या. सूत जसेच्या तसे. बाबांनी ते बोटांवर गुंडाळून जोर लावून ओढले. तुटले नाही.

"मंग पहिलं सूत कोणं कातरलं?"

माय तांदूळ निवडत होती. तिने मान वर केली नाही. "कोणंच नाई. तुमी तापात पडले, तवा ते पाण्यातच राह्यलं. कुजलं."

"हे आधी काहून नाई सांगतलं वं?"

"तुमी चुना घेऊन उभे होते. म्हटलं, आधी किड्याची सुनावणी होऊ द्या."

बाबांनी नव्या लड्या त्याच पाण्यात सोडल्या, टाक्यावर आडव्या ठेवलेल्या बांबूला अडकवून. हे किडे कोण, ते मला तोवर माहीत नव्हते. मायला मात्र आठवले, की श्रावणात चतुर येऊन शेपटीचे टोक पाण्याला लावून लावून जात होते.

लड्या काढायच्या दिवशी पहाटे बाबांनी मला हलकेच हाक मारली. एक किडा सुतावरून चढून पाण्याबाहेर आला होता. त्याची पाठ उकलली होती आणि त्यातून एक फिका, ओला जीव बाहेर येऊन उलटा लोंबकळत होता. बराच वेळ तो हलला नाही. मग एकदम उठून त्याने आपल्याच कातीला पकडले आणि शेपूट ओढून काढली. पंख पिळून ठेवलेल्या धुण्यासारखे होते. आमच्यादेखत ते उलगडत गेले. आधी दुधाळ, मग अभ्रकासारखे.

बाबांनी डोळे पंखाच्या वीतभर जवळ नेले. "धाग्याले धागा लागला हाय," ते म्हणाले, "पण गाठ कुठंच नाई दिसून राहिली."

तेवढ्यात ताणा करायला, म्हणजे मागाचे उभे धागे लावायला, शेजारची माणसे आली. लडी ओढली असती तर ओले पंख जन्मभर चुरगळलेले राहिले असते. बाबांनी कोणाला हात लावू दिला नाही.

"काय गा, किड्याचं बाळंतपण करून राहिला का?" एकाने विचारले.

"होय. बसा, चहा घ्या."

चहा झाला, पान झाले, ऊन टाक्यावर आले. चतुराचे पंख थरथरले आणि तो कौलांवरून निघून गेला. त्याची रिकामी कात सुताला तशीच धरून होती. बाबांनी तिचे पाय एकेक करून सोडवले, ती माझ्या तळहातावर ठेवली आणि मगच लडी उचलली. नंतर उरलेल्या लड्याही त्यांनी आधी फिरवून, निरखूनच काढल्या.

त्यानंतर कितीतरी संध्याकाळी मी अंगणात चतुर पाहत बसलो. चारही पंख वेगवेगळे चालवून ते हवेत एका जागी थांबतात, पायांची टोपली करून उडता डास पकडतात. सहा पाय असून चालता मात्र येत नाही.

लुगडे वेळेत झाले. बहिणीने ते नेसले त्या सकाळी अंगणात चतुर होते की नाही, मला आठवत नाही, म्हणून लिहीत नाही. सूत मऊ आले होते. ते मी हात लावून पाहिले होते.