श्रामबाईंचं हसू

ओटिलिये श्रामबाई हातमोजे शिवत. सातव्या वर्षी तापात दोन्ही कान गेले, आवाज मात्र शाबूत राहिला, आणि तो केवढा मोठा आहे हे त्यांना कोण सांगणार? बर्लिनमधल्या आमच्या वेडिंग भागातल्या थिएटरात तिकीटखिडकीवर मी अकरा वर्षं बसले. दर शनिवारी बाई रस्त्यापलीकडूनच ओरडायच्या, "हेडविग, माझी खुर्ची देऊ नकोस कुणाला!"

मूकपट हे त्यांचं माहेरच. तिथे कुणालाच काही ऐकू येत नसे. मधेमधे संवादाच्या पाट्या यायच्या, त्या आमच्यासाठी. बाई थेट नटांचे ओठ वाचत. हीच खोड नडली. नायिका मरणपंथाला लागलेली, पाटीवर 'मी तुला क्षमा केली', सगळी रांग रुमाल काढतेय, आणि बाई खो खो हसताहेत!

"अगं, ती म्हणतेय, हेरिंग मासा खाऊन आलायस, तोंड तिकडे कर!"

मालक प्लेट्के यांच्या नाकावर कायम राग. त्यांनी कागदावर लिहून दिलं: 'पुन्हा हसलात तर तुम्हाला थिएटर बंद.' बाईंना ना नाच, ना रेडिओ. असलं तर एवढंच सुख. दोन महिने त्या ओठ आवळून बसल्या. मला त्यांच्याकडे बघवत नसे.

तीस साली बोलपट आले. प्लेट्केंनी आणला तो सगळ्यात स्वस्तातला. चित्र मूकपटाचंच, पाट्या कापलेल्या, आवाज मागाहून भलत्याच माणसांचे चिकटवलेले. बोलपटात बाईंचं कसं होणार, म्हणून मी आत जाऊन उभी राहिले.

नायिका खाटेवर. गोड आवाज आला, "प्रियकरा, आता देवाघरी भेटू." थिएटर हुंदके देऊ लागलं. बाईंचे खांदे हलायला लागले. रुमाल तोंडात कोंबला तरी हसू फुटलंच. प्लेट्के धावले.

शेजारच्या कोळसेवाल्याने बाईंना कोपराने ढोसून खुणेनेच विचारलं, काय म्हणाली?

"म्हणतेय, हातावरचा गुडघा काढ, मेल्या!" बाई गरजल्या.

अख्खं थिएटर हसून लोटपोट. दुसऱ्या दिवसापासून लोक खिडकीवर विचारू लागले, "त्या बाई आहेत का आज?" रडका सिनेमा तीन आठवडे चालला. प्लेट्केंनी बंदीचं नावच काढलं नाही.

मग खरा बोलपट आला. तोंड आणि आवाज यांचा मेळ अगदी चोख. अर्धा वेळ नट प्रेक्षकांकडे पाठ फिरवूनच बोलत. तोही दुःखाचाच होता, लोक रडले. बाई नुसत्या बसून होत्या.

तासाभराने प्लेट्के माझ्याकडे आले. इतका पडलेला चेहरा त्यांचा मी कधी पाहिला नव्हता.

"हेडविग, बाई हसत का नाहीत गं?"

"साहेब," मी म्हटलं, "आता नट लिहून दिलेलंच बोलतात."