मायचं अपील फेटाळलं त्या दिवशी

माझी माय आमच्या गावची सरपंच होती. जागा बाईसाठी राखीव निघाली आणि बचतगटातल्या बायांनी तिलाच उभं केलं. तिच्या काळात स्मशानभूमीत शेड मंजूर झालं. चार खांब उभे राहिले आणि काम थांबलं. बिल मात्र पूर्ण निघालं होतं. ग्रामसेवकाने दाखवलं तिथं मायने सही केली होती. चौकशी लागली तोवर तो ग्रामसेवक वारला होता, ठेकेदाराचा पत्ता नव्हता, आणि वसुलीचा आदेश एकट्या मायच्या नावावर आला.

बाबा जाऊन बरीच वर्षं झाली होती. घरात आम्ही दोघीच. मी लाखांदूरच्या एका खाजगी शाळेत शिकवते, म्हणून धावपळ माझ्याकडे आली. आम्ही वरच्या साहेबांकडे अपील केलं. अपील केलं म्हणजे वसुली थांबली, असं धरून चाललो. तसं नसतं. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि मागितली तरी सुनावणी व्हावी लागते. साहेब निवडणुकीच्या कामात होते, मग साहेबांची बदली झाली, मग नवे साहेब रुजू व्हायचे होते.

तेवढ्यात जप्तीचं वॉरंट आलं. घेऊन आलेला तलाठी मायला काकू म्हणणारा. त्याने मान खाली घालून आमच्या पिठाच्या चक्कीला सील लावलं. माझा पगार जेमतेम, आमचं पोट त्या चक्कीवर होतं. यातून वसुली पूर्ण झाली नाही तर पुढे घराचा नंबर आहे, एवढं तो जाताना हळूच सांगून गेला.

आम्ही नागपूरला हायकोर्टात गेलो. वकील म्हातारे होते, मायच्या माहेरकडच्या नात्यातले. आमचं प्रकरण पुकारलं आणि बघता बघता संपलंही. न्यायमूर्तींनी विचारलं, अपील अजून बाकी आहे ना? आधी तिथला निकाल घेऊन या. बाहेर व्हरांड्यात वकील म्हणाले, "कायद्यानं दिलेलं अपील पूर्ण झाल्याशिवाय हे कोर्ट सहसा हात घालत नाही, बाई."

"पण तोवर घर गेलं तं?" मायने विचारलं.

वकील चष्मा पुसत राहिले.

त्या उन्हाळ्यात चक्कीचा लिलाव झाला. शेजारच्या गावचा एक माणूस ती ट्रॅक्टरमध्ये घालून घेऊन गेला. मायला निवडून देणाऱ्या बायाच आता तिला पाहून दुसऱ्या गल्लीने जायच्या. तिचं जेवण सुटलं. ती विहिरीकडे निघाली की मी काहीतरी निमित्त काढून मागे जायची. तिला ते कळत होतं. एकदा ती वळून म्हणाली, "काहून मागं मागं येऊन राहिली? मी जीव देत नाही. जीव देला तं लोक म्हणतील, खाल्ले होते म्हणून मेली."

मग घराच्या भिंतीवर लिलावाची नोटीस चिकटली. अपिलाच्या कार्यालयात मी प्रत्येक वेळी निकालाचं विचारायची, आणि ते पुढची तारीख सांगायचे. आपल्या बाजूने निकाल लागेल ही आशा मी केव्हाच सोडली होती. आता फक्त कसाही निकाल हवा होता.

तो आला. अपील फेटाळलं होतं. मी शाळेतूनच वकिलांना फोन केला. याच्यावर आता अपील नाही, म्हणजे हायकोर्टात जाता येईल, लगेच या, असं ते म्हणाले. घरी येऊन मी मायला सांगितलं. ती भिंतीला टेकून बसली आणि म्हणाली, "आपण हरलो, आन् मले बरं वाटून राहिलं. हे काय झालं बाई मले?"

मलाही बरं वाटत होतं.

लिलावाच्या आदल्या दिवशी कोर्टाने आमची याचिका ऐकली आणि अंतिम निकालापर्यंत वॉरंटला स्थगिती दिली. मी रडायला लागले. मायने मात्र वकिलांना गाठलं.

"म्हणजे मी चोर नाही, असं झालं का?"

"नाही, ते अजून ठरायचं आहे," वकील म्हणाले. "तोवर घराला कुणी हात लावणार नाही."

"चक्की?"

"ती गेली."

मायने मान हलवली आणि बस किती वाजता आहे ते मला विचारलं.

खटला अजून चालू आहे. घरात आम्हीच राहतो. ग्रामसभेची दवंडी झाली की माय दार ओढून घेते.