मास्तरांचं दुकान, आवाजासकट

आमच्या समोरच्या फोटोवालीला माणसांचं वावडं. लग्नाचे फोटो काढायला बोलवा, येणार नाही. पण रिकामी खुर्ची, पोपडे उडालेली भिंत किंवा सुनसान जिना दिसला की कॅमेरा लावून बसलीच. "जागांनाही आठवण असते, काका," असं म्हणते. असेल बाई! त्या जिन्यावरून मी किती वेळा घसरलो, तेवढं मात्र जिन्याने विसरावं.

तिचे वडील शिंपी, सगळ्या गल्लीचे 'मास्तर'. खालचं दुकान सुटलं आणि हळूहळू मास्तरांच्या डोक्यातूनही पुसलं गेलं. ओढ तेवढी राहिली. रोज दुपारी गळ्यात टेप अडकवून दारात उभे. "चल, दुकान उघडायचंय." मुलगी खाली नेऊन जागा दाखवायची. तिथे आता मोबाइलवाला. "हे नव्हे," म्हणून मास्तर रडकुंडीला यायचे.

दुकान रिकामं करण्याआधी तिने तिथे भरपूर शूटिंग केलं होतं. मी रोज टपकायचो, ती रोज खेकसायची, "काका, फ्रेमच्या बाहेर व्हा!" त्याची फिल्म झाली, जाणकारांनी वाखाणलीही म्हणे. आता ती मास्तरांना दाखवायची होती. त्यांनी एकदा तरी दुकान ओळखावं, एवढीच तिची आस. मलाही बोलावलं. चहा होता, गेलो.

भिंतीवर फिल्म सुरू झाली. शिलाई मशीन, इस्त्री, बटणांची बरणी, खडूने पांढरा झालेला टेबलाचा काठ. सगळं देखणं, आवरलेलं आणि गप्प.

मास्तरांनी शेवटपर्यंत पाहिलं. "कुणाचं दुकान गं? बंद पडलेलं दिसतंय."

पोरीचा चेहरा खर्रकन उतरला. मला राहवेना. "अगं, आवाज कुठाय?"

"काढून टाकला. जिथे तिथे तुमचीच बडबड!"

"म्हणजे दुकानातून गिऱ्हाईकच हाकललंस की! लाव बघू ती बडबड."

तिने कुरकुरत मूळ शूटिंग लावलं. तेच मशीन, पण आता खडखडतंय. मागून माझा आवाज: "मास्तर, पँट कमरेत जरा सैल करा ना."

शूटिंगमधल्या मास्तरांचा आवाज यायच्या आत खुर्चीतले मास्तर गरजले, "किती सैल करू? कापड संपलं, तुमचं पोट संपेना!"

पाठोपाठ भिंतीवरूनही तेच वाक्य आलं. फोटोवालीचा हात तोंडावर गेला.

"आपलंच दुकान गं हे," मास्तर तिला म्हणाले. "तो डावा खण अडकतो. उचलून ओढायचा."

मग ते उठले, गळ्यातली टेप काढली आणि माझ्यापुढे उभे राहिले. तिने कॅमेरा उचलला. मी सवयीने बाजूला सरकलो.

"हलू नका, काका!" तिचा आवाज ओला झाला होता.

कॅमेरा म्हटल्यावर मी पोट आत घेतलं. मास्तरांनी माझ्या कमरेभोवती टेप गुंडाळली आणि चष्म्यावरून पाहिलं.

"सोडा पोट. खोटं माप आमच्याकडे घेत नाहीत."