शाईचा कालरोध

ज्या कागदावर तुमच्या बापाने हक्क मागितला, तो तुम्ही कोणाच्या हाती द्याल?

आईने तो माझ्या हाती दिला. ऊसतोड कामगारांसाठी वडिलांनी छापलेल्या पत्रकाची ती एकच प्रत उरली होती, उन्हाने पार पुसट झालेली. वडील आता नाहीत. मी भिंगारच्या एका प्रयोगशाळेत काम करतो. वस्तू काळात मागे ढकलताना ती किती अडते, हे आम्ही तिथे मोजतो. त्या मापाला कालरोध म्हणतात.

"त्यांचं बोलनं परत वाचून दावशील का रं?" आईने विचारलं.

कागद सहज मागे जातो, शाई फार अडते. म्हणून प्रयोगशाळेतल्या साहेबांनी शाईला पुरेल इतका जोर लावला. अक्षरं क्षणभर काळीभोर झाली, पण मी वाचण्याआधीच कागद त्याहून मागे जाऊन विरला. यंत्राच्या बशीत उसाचं चिपाड उरलं. वडील सगळ्यात स्वस्त कागद घेत, आणि तो चिपाडापासूनच बनतो, हे कोणाच्याच ध्यानात आलं नव्हतं.

आईने चिमूटभर उचलून हुंगलं. "आमी जल्मभर तोडला, त्योच ऊस व्हय रं ह्यो?"

तुमच्या घरात असं एखादं पत्रक असेल, तर यंत्राच्या भरवशावर राहू नका. आजच ते हाताने उतरवून घ्या आणि चावडीच्या भिंतीवर लावा.