प्रश्नांच्या जागा

हे गेल्यावर तिसऱ्या महिन्यात मी त्यांचा आवाज शोधायला बसले. बंदिशी रचणाऱ्या गवयांवर माहितीपट करण्यात ह्यांचं आयुष्य गेलं. म्हटलं, त्यांत कुठेतरी एखादं वाक्य सापडेलच.

सापडलं नाही. सापडणार नव्हतंच, हे सर्वांत आधी मलाच कळायला हवं होतं. रचणारा बोलत असताना मधे आपण कशाला, असं ह्यांचं म्हणणं. मुलाखती ऐकून मी कागदावर उतरवायची. ह्यांचा प्रश्न आला की समासात तांबड्या पेनने लिहायची, ‘काढणे’. शाळेत वह्या तपासून हाताला सवय झालेली; एकही प्रश्न सुटला नाही. मूळ चित्रीकरण पुसून कॅमेऱ्याची तीच कार्डं पुढच्या कामाला जात.

प्रश्न काढला की आवाजात भोक पडतं. ते बुजवायला हे प्रत्येक मुलाखतीनंतर त्या खोलीतली शांतता मिनिटभर टिपून घेत आणि प्रश्नाच्या जागी जोडत. कुरुंदवाडला एका म्हाताऱ्या गवयांकडे मीही गेले होते. पंखा बंद, दार लोटलेलं, सगळे गप्प. एवढ्यात बुवा म्हणाले,

“पावणं, आमाला गप बसवलंसा आन् तुमचंच नाक वाजतंय की!”

ह्यांच्या नाकाचं हाड वाकडं होतं. श्वास घेताना बारीक शिट्टी वाजे.

“श्वास रोखून धरतो, बुवा.”

“रोखू नगासा, मरशीला. वैनी, घरात झोपता कशा वो तुमी?”

“कानांत कापूस घालून,” मी म्हटलं.

बुवा इतके हसले की शांतता पुन्हा टिपावी लागली.

गेल्या आठवड्यात तोच माहितीपट मी हेडफोन लावून पाहिला. बुवा एक बंदीश गुणगुणतात, थांबतात. खिडकीकडे बघतात. मग म्हणतात, “न्हाय, आदी चाल आली. शब्द मागनं.” त्या थांबण्यात मला शिट्टी ऐकू आली. अगदी बारीक. मागे नेऊन पुन्हा ऐकली. शांतता दुसऱ्यांदा टिपतानाही हे श्वास रोखू शकले नव्हते.

कपाटातून त्या मुलाखतीचे कागद काढले. समासात माझं अक्षर होतं, ‘काढणे’. शेजारी ह्यांचा प्रश्न.

फिल्म पुन्हा मागे नेली. बुवा गुणगुणून थांबले. शिट्टी वाजली.

“आधी शब्द सुचले का, बुवा?” मी मोठ्याने वाचलं.

“न्हाय,” बुवा म्हणाले.