वड्यांचं लग्न आणि माझी फिल्लम

फिल्मचा एकच रोल उरला होता, जेमतेम चार मिनिटांचा, आणि त्यात मला मावशी हवी होती. आई गेल्यावर मला तिनंच वाढवलं, अन् तिचा साधा फोटोसुद्धा कुणाकडे नव्हता!

तेव्हा नागपूरहून सरकारी फिल्मची मोटार यायची. त्या फिल्ममध्ये खताचे खड्डे दिसायचे. अन् माणसं कुठं गेली बे? या चिडीपायीच मी चावीचा जुना कॅमेरा घेतला. मागे ना कंपनी, ना सरकार. पिंपळगाव राजाच्या आमच्या आळीतलं रोजचं जगणं टिपायचं, बस्स!

त्या सकाळी अंगणात मुगाच्या वड्या घालायला बाया जमल्या. आमच्याकडे पहिल्या दोन वड्या म्हणजे नवरा-नवरी. हळदकुंकू वाहून त्यांचं लग्न लावायचं, मगच बाकीच्या वड्या. डाळ मावशीनं वाटलेली, मिठाचा अंदाज मावशीचा, पण लग्नाच्या वेळी ती उठून भिंतीकडे गेली. विधवा ना!

"मावशे, इकडं ये. तुलेच घ्यायचं आहे."

"पांढऱ्या कपायाची बाई मी. मले काऊन घेतं? तुह्या फिल्लमले अपशकुन होईन."

असा संताप आला मला! "तू नाही, तर फिल्लमच नाही," म्हणत कॅमेरा ओट्यावर ठेवला आणि तिला हाताला धरून आणलं. आली, पण तोंड पदराआड. मी तणतणतच कॅमेरा उचलला, चावी भरली. रोल खरखरत संपत चालला, पदर काही हलेना. शेवटी एका सुनेची वडी बिघडली अन् मावशी खेकसली, "अवं, अशी घालतेत काय?" पदर खांद्यावर पडला, ती सरळ कॅमेऱ्यासमोर वाकली. मी आनंदानं ओरडलोच!

मग पाहतो तर काचेवर ओल्या कुंकवाचं बोट! मी मावशीला आणायला गेलो तेवढ्यात शेजारच्या काकूंनी कॅमेऱ्याची पूजा उरकली होती. "नवं काम हाय बाप्पा, पूजेबिगर कसं करशीन?" माझ्या कॅमेऱ्यात बघायची खिडकी वेगळी, चित्र घेणारी काच वेगळी. मला कुठून दिसणार? मी कपाळावर हात मारला.

शेगाव स्टेशनावरून रोल मुंबईला धुवायला पाठवला. महिन्यानं परत आला. भर दुपारी कवाडं लावली, भिंतीवर धोतर टांगलं, मोटारीच्या बॅटरीवर प्रोजेक्टरचा दिवा पेटवला आणि हातानं फिल्म फिरवू लागलो. चित्रं हलली! "अवं माय, माह्या बांगड्या पाय!" नुसता गलका. पण पडद्यावर मधोमध काळपट डाग. वाटोळं झालं, म्हटलं. तेवढ्यात मावशी वाकली आणि तो डाग नेमका तिच्या कपाळावर बसला.

साऱ्या बाया मावशीकडे वळल्या. माझा हात तसाच फिरत राहिला, कारण थांबलो असतो तर फिल्म जळली असती. शेजारी बसलेल्या मावशीनं बोटानं आपलं कपाळ चाचपलं. आता ही उठून जाते, असं मला वाटलं.

"बाप्पा," ती म्हणाली, "अजून एक डाव दाखव."