डक्टमधला चघळ्या

आमच्या घरात भूत मीच आणलं, आणि आणलं ते वाजतगाजत.

उलव्यातल्या सहाव्या मजल्यावर भुताची सोय अशी काहीच नव्हती. पिंपळ नाही, पडकी विहीर नाही. स्वयंपाकघराच्या खिडकीबाहेर डक्ट तेवढा होता. चार फ्लॅटचे पाइप, एक्झॉस्ट फॅन आणि फोडण्यांचे वास कोंडलेला, खालपर्यंत काळोखा. मी त्याला तिथेच जागा दिली.

कारण माझी मावशी. तिचा एकुलता एक मुलगा उरणच्या रस्त्यावर ट्रेलरखाली गेला, तेव्हा मी तिला आमच्याकडे घेऊन आलो. त्या सकाळी तो चहा पीत रेंगाळला होता आणि तिनेच त्याला "नीघ आता, उशीर होईल" म्हणून बाहेर काढलं होतं. "मी घाई केली नसती तर?" एवढं एकच ती दिवसभर चघळायची. भाजी निवडताना, देवापुढे, टीव्हीसमोर. गोळ्यांनी झोप लागायची, पण सकाळी ते वाक्य तिच्याआधी जागं झालेलं असायचं.

मी सोसायटीच्या गणपतीतल्या नाटुकल्यांचा कायमचा खलनायक. एका संध्याकाळी खांद्यावर टेबलक्लॉथ टाकला आणि जाहीर केलं, "मावशी, या डक्टमध्ये चघळ्या राहतो."

"कोण मेला?"

"भूत. समंध नव्हे, मुंजा नव्हे. याला कोंबडं नको, नारळ नको. हा माणसांचे विचार खातो. शिळे असले तर विशेष आवडीने. भाताचा घास हातात धरायचा, नको असलेला विचार मनात आणायचा, घास खिडकीत ठेवायचा आणि वळून बघायचं नाही."

मावशी कोकणातली. भुतांच्या बाबतीत तिचा अभ्यास दांडगा. तिने माझी उलटतपासणी घेतली. सुतकात खातो का? उष्टं चालतं का? मी छातीठोक उत्तरं देत गेलो. ओट्यापाशी बायको म्हणाली, "तुमच्या डोक्यावर जगायचं म्हणजे उपाशीच मरेल बिचारा."

पण मावशीने दुसऱ्या दिवसापासून घास ठेवायला सुरुवात केली. आधी बारीकसारीक काळज्या दिल्या. "आज तुझ्या बायकोच्या गुडघ्याची दिली. गपकन खाल्लीन," असा अहवालही यायचा. शेजारीण म्हणाली, "मावशी, आमच्या मुलीच्या लग्नाचं टेन्शन पण देऊन टाका ना." मावशी फणकारली, "ज्याचं त्याने द्यावं. मी काय एजंट आहे?"

मग एके दिवशी तिने ते मोठं वाक्यही दिलं असावं. कारण ते ऐकू येईनासं झालं. ती पोटभर जेवू लागली, मालिकेतल्या सुनांना शिव्या देऊ लागली. मी सोसायटीभर कॉलर ताठ करून फिरलो.

पावसाळा सरता सरता मात्र एका संध्याकाळी ती खिडकीच्या गजांना धरून उभी दिसली. डक्टमध्ये वाकून म्हणत होती, "तेवढं परत दे."

"काय परत दे?"

"नीघ म्हटल्यावर तो जिन्यात वळून काहीतरी बोलला होता. कुणाला सांगितलं नव्हतं मी, माझ्यापुरतं ठेवलं होतं. मी दिली ती घाई, रे. तिला चिकटून तेही गेलं. आठवत नाही."

"'येतो गं,' म्हणाला असेल."

"येतो तर सगळेच म्हणतात. त्याच्यापुढे काहीतरी होतं."

भूतबित काही नाही, असं सांगायला मी तोंड उघडलं. पण भूत नाही म्हटलं की ते शब्दही कुठेच नाहीत.

"तुझ्या ओळखीचा ना? माग की," ती म्हणाली.

मग मी खलनायकाच्या आवाजात गरजलो, "चघळ्या, ऐवज परत कर!" खालच्या मजल्यावर कुकरची शिट्टी झाली. मावशी माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

"काय म्हणतो?"

"पचलं म्हणतो."

"एवढ्यात?"

त्यानंतर सेक्रेटरी आले. भातामुळे डक्टमध्ये कबुतरं झाली होती आणि सगळे ओरडत होते. कमिटीने सगळ्या डक्टना वरून आणि खिडक्यांनाही जाळी मारायची ठरवली. बायको माझ्याकडे वळून म्हणाली, "तुमचं भूत, तुम्हीच निस्तरा." मावशी आकाशपाताळ एक करणार, अशी माझी खात्री होती. ती स्टूल घेऊन खिडकीशी बसली आणि जाळीवाले हुक ठोकत असताना शांतपणे बघत राहिली. माणसं गेल्यावर तिने दोन बोटांनी जाळी ओढून पाहिली.

"घट्ट आहे?"

"एकदम."

"म्हणजे आता त्याला बाहेर जाता यायचं नाही."

हल्ली ती घास जाळीच्या आत, कट्ट्यावर ठेवते. त्याला उपाशी ठेवून चालणार नाही, कारण ते जिन्यातलं बोलणं त्याच्या पोटात आहे. तिच्याकडच्या काळज्या संपत आल्यात, म्हणून मधूनमधून मला हाक येते, "आज तू दे काहीतरी." मी घास हातात धरतो आणि दर वेळी एकच विचार मनात आणतो, की भूत नाहीच. अजून तो त्याने खाल्लेला नाही.

"काय दिलंस?" मावशी विचारते.

"ऑफिसचं टेन्शन."

ती मान हलवते, आणि जाळीला कान लावून थांबते.